आधी रंगपेटी, मग रोल!

जरा डोळ्यांसमोर आणा. साल १९५२. पुण्याचं भानुविलास थिएटर. बुकिंगच्या खिडकीत बसलेला क्लार्क ‘लाखाची गोष्ट’ची तिकिटं विकतोय. पब्लिक आत जातं, दिवे मालवतात आणि पडद्यावर हीरो म्हणून कोण? तोच, खिडकीतला! नाव राजा गोसावी.

सातारा जिल्ह्यातल्या सिद्धेश्वर कुरोलीत १९२५ साली जन्मलेला हा पोरगा सिनेमाच्या वेडापायी मास्टर विनायकांच्या कंपनीत दाखल झाला. पोस्ट? ऑफिस बॉय! मग सुतारकाम, मेकअप, लाइट्स आणि अधूनमधून गर्दीत एक्स्ट्रा म्हणून उभं राहणं. आपण याला मल्टिटास्किंग म्हणतो आणि अप्रेझलमध्ये ठळक अक्षरांत लिहितो. तेव्हा ती निव्वळ पोटापाण्याची सोय होती.

विनायक म्हणजे मराठीबरोबर हिंदीतही दबदबा असलेलं नाव. नूरजहाँची ‘बडी माँ’ (१९४५) त्यांचीच. पण १९४७ मध्ये विनायक गेले. गॉडफादर गेला की काय होतं, हे कंपनी बंद पडलेल्या कुणालाही विचारा. राजाभाऊंनी मात्र नाटकं धरली, आणि खिडकीतली नोकरीसुद्धा कमीपणाची मानली नाही.

गंमत बघा. राजा परांजपे यांच्या ‘लाखाची गोष्ट’मध्ये हीरोला लग्नासाठी पैज जिंकायची असते. अट एकच, लाख रुपये उडवून दाखवायचे! आत लाख उडवणारा हा गडी बाहेर सुट्टे पैसे मोजत होता. गदिमांची पटकथा, सुधीर फडके यांचं संगीत, रेखा-चित्रा या बहिणींची जोडी; सिनेमा तुफान चालला. पुढे शरद तळवलकरांबरोबर त्यांची जोडी जमली आणि १९९८ मध्ये जाईपर्यंत त्यांनी मराठी माणसाला मनसोक्त हसवलं.

दुसऱ्याच्या चेहऱ्याला रंग लावणाऱ्याला एक गोष्ट फुकट शिकायला मिळते. कॅमेरा सुरू व्हायच्या आधी भलेभले स्टारही घाबरलेले असतात! कुठल्याही अ‍ॅक्टिंग स्कूलमध्ये हा धडा मिळत नाही.

जालन्याहून बॅग भरून पुण्या-मुंबईत पहिला जॉब धरलेल्या दोस्तांनो, डेस्कवर भलतंच काम आलं म्हणून वैतागलात? वैतागा की. पण ते करताना शेजारचा काय करतोय, तेही बघून ठेवा. खिडकीतून पडद्यापर्यंतचा रस्ता तिथूनच जातो!