कॅमेऱ्याने माणसाकडे पाहावे कसे?

चित्रपट म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे नट, नटी, गाणी आणि मारामारी येते. आम्ही येथे सांगणार आहोत ते निराळ्या जातीच्या चित्रपटाविषयी. जे आपोआप घडते ते तो पाहत बसतो, कोणाकडून काही करवून घेत नाही. आम्ही कॉलेज पाहिलेले नाही. कामगारांच्या सभा, कोर्टाचे कागद आणि वाचनालय एवढीच आमची शाळा. तेव्हा कलेचा निवाडा आम्ही करणार नाही. पाहण्याचा प्रश्न मात्र आमच्या रोजच्या कामातला आहे.

१९१२ साली दादासाहेब फाळके विलायतेहून कॅमेरा घेऊन आले. 'राजा हरिश्चंद्र' काढायचा होता, पण भांडवल कोण देणार? दादासाहेबांनी कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि महिन्याहून अधिक दिवस रोज एकेक चित्र घेतले. पडद्यावर तेवढे दिवस मिनिटाभरात सरले. कोंब वर आला, वाढला, त्याचे रोप झाले. हा पट पाहून पैसा देणारा भेटला. आमच्या जालन्यात बियाण्यांचा धंदा मोठा. बी किती दिवसांत रुजते हे येथली शेतमजूर बाई बोटांवर मोजून सांगेल. पण रुजताना तिनेही पाहिलेले नसते, कारण माणसाच्या डोळ्याला तेवढा धीर नाही. फाळक्यांनी वाटाण्याला हुकूम सोडला नाही. पाणी घातले आणि थांबले.

रोपाला कॅमेरा कळत नाही, माणसाला कळतो. सगळी अडचण येथून सुरू होते. अमेरिकेच्या रॉबर्ट फ्लाहर्टीने १९२२ साली उत्तर ध्रुवाकडील एस्किमोंचा मोठा नावाजलेला पट काढला. आत उजेड यावा म्हणून त्यांचे बर्फाचे घर एका बाजूने उघडे बांधले, आणि बंदुका वापरणाऱ्या त्या लोकांना जुन्या भाल्याने शिकार करायला लावली. पट सुंदर आहे, पण ते घर राहण्याचे नव्हते.

आमच्याकडेही असे एकदा झाले. सळया ओढणाऱ्या एका कारखान्यात चित्र घेणारी मंडळी आली. लाल सळई सांडशीने पकडणाऱ्या गड्यांना त्या दिवशी हातमोजे, बूट, टोप्या मिळाल्या. संध्याकाळी सारे परत गोदामात गेले. काही महिन्यांनी त्यांतल्याच एकाची दोन बोटे गेली. भरपाईच्या बैठकीत आमच्यासमोर तोच पट लावला गेला. मोजे तर दिसतच होते! तडजोड झाली, पण मागितल्याच्या निम्म्यावर. पडद्यावरचा मोजा खोटा नव्हता, एवढेच की तो एका दिवसाचा होता.

पाहणे म्हणजे भले करणे असेही कोणी समजू नये. फाळके वाटाण्यापुढे बसले त्याच सुमारास अमेरिकेत फ्रँक गिलब्रेथ कामगाराशेजारी घड्याळ ठेवून त्याच्या हाताची प्रत्येक हालचाल फिल्मवर घेत होता. कोणती हालचाल वाचवता येईल हे त्याला शोधायचे होते. श्रम वाचतील असे तो म्हणे. वाचलेला वेळ कोणाच्या खिशात जातो, हे कामगाराला सांगायला नको.

१९६०च्या सुमारास हलके कॅमेरे आणि त्यांच्याबरोबर चालणारी ध्वनियंत्रे आली, तेव्हा माणसामागे घरात, रस्त्यावर, कारखान्याच्या दारापर्यंत जाता येऊ लागले. फ्रान्समध्ये जाँ रूश व एद्गार मोरँ ह्यांनी १९६१ च्या त्यांच्या पटात पॅरिसच्या लोकांना, त्यांत मोटार कारखान्याचे कामगारही होते, आयुष्याविषयी बोलते केले. आणि घेतलेले चित्र त्याच लोकांना दाखवून त्यांचे भांडणही पटात घातले. आमच्या मते ही गोष्ट कॅमेरा हलका होण्यापेक्षा मोठी आहे.

आपल्याकडे आनंद पटवर्धनांचे 'हमारा शहर' (१९८५) पाहावे. मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जात असतानाचा तो पट. पटवर्धन अगदी मुके राहत नाहीत, कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारतात. त्यात एक बाई त्यांच्यावरच उसळते: गरिबांची चित्रे काढून नेता, आम्हाला काय मिळणार? हा प्रसंग कापून टाकणे किती सोपे होते! युनियनच्या खोलीत आम्ही तो दाखवला तेव्हा भट्टीवरचा एक म्हातारा गडी म्हणाला, "बाई बरोबर बोलली साहेब. पण त्यानं ते ठेवलं." पुढे १९९७ साली घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसे गेली आणि त्या दुःखात शाहीर विलास घोगरे ह्यांनी गळफास घेतला. 'हमारा शहर'मध्ये गायलेले हेच शाहीर. पटवर्धन त्यानंतर चौदा वर्षे ह्या वस्त्यांत जात राहिले, तेव्हा २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' पुरा झाला. एवढ्या काळात मुलांची माणसे होतात.

आमच्या दोन पोरांनी यंदा मोबाइलवर सकाळच्या मजूर-नाक्याचे चित्र घ्यायला घेतले आहे. पहिले चार दिवस माणसे केस नीट करून उभी राहत, कोणी तोंड फिरवून निघून जाई. एका बाईने नको म्हटले, तिचे चित्र पोरांनी तिच्यासमोर पुसले. आता पंधरा दिवस झाले. परवा मुकादम मजुरी पाडून मागू लागला, तेव्हा कोणाचेच लक्ष मोबाइलकडे नव्हते. पुढच्या रविवारी घेतलेले सारे चित्र त्याच माणसांना नाक्यावर दाखवायचे ठरले आहे. मुकादमालाही बोलावले आहे.