रिकाम्या ट्रकचं भाडं

स्वाहिली भाषेत बंदराला ‘बंदारी’ म्हणतात, दुकानाला ‘दुका’, गाडीला ‘गारी’ आणि प्रवासाला ‘सफारी’. मी शब्दांच्या मागं जाणारा माणूस, त्यामुळं पूर्व आफ्रिकेच्या व्यापाराकडंही याच वाटेनं वळलो. मित्रहो, समुद्र ओलांडून शब्द तिथं पोहोचले, तसा मालही पोहोचतो. खरी अडचण सुरू होते ती बंदर सोडल्यावर.

केनियातल्या मोंबासा बंदरात उतरलेला माल युगांडामार्गे रवांडाच्या राजधानीला, किगालीला जातो. अंतर दीड हजार किलोमीटरहून अधिक. वाटेत दोन सरहद्दी. केनिया-युगांडा सरहद्दीवरच्या मलाब्याला आधी एका देशाची कागदपत्रं, मग दुसऱ्याची, अशी तऱ्हा होती. 2014 पासून कर बंदरातच भरून घेण्याची पद्धत आली. पुढं मलाब्याला दोन्हीकडचे अधिकारी एकाच ठिकाणी बसू लागले. रांगा कमी झाल्या, पण संपल्या नाहीत.

रांगेपेक्षा अवघड गोष्ट म्हणजे ‘रिटर्न’. आपल्या ट्रकवाल्यांना हा शब्द चांगला ठाऊक आहे! किगालीकडं जातं इंधन, गहू, तांदूळ, यंत्रं. तिकडून येतो चहा, कॉफी आणि थोडी खनिजं. जाताना भरलेले बरेच ट्रक येताना रिकामे धावतात. डिझेल मात्र दोन्ही वेळा जळतं, चालकाचा भत्ताही चुकत नाही. मालक तो खर्च जाणाऱ्या मालावर चढवतो. म्हणजे किगालीतली गृहिणी तांदळाबरोबर रिकाम्या ट्रकचंही भाडं भरते. बंदराकडं जाणाऱ्या कॉफीला स्वस्त भाडं मिळतं खरं, पण तिच्या मळ्याला लागणारं खत येतानाच महाग झालेलं असतं.

1 जानेवारी 2021 पासून आफ्रिका खंडाच्या मुक्त व्यापार करारानुसार व्यवहार सुरू झाले. जकात उतरली तरी ट्रक आपोआप भरत नाही. शेजाऱ्याला विकण्याजोगं काही तयार व्हावं लागतं, आणि शेजाऱ्याशी बोलणंही चालू असावं लागतं. युगांडाशी बिनसल्यावर रवांडानं फेब्रुवारी 2019 मध्ये गातुनाची सरहद्द बंद केली. मोंबासाहून येणारे ट्रक दुसऱ्या नाक्याकडं वळवले गेले. पलीकडच्या बाजारातून धान्य आणणाऱ्या गावकऱ्यांना मात्र असा वळसा परवडणारा नव्हता. हा नाका पुन्हा उघडायला जानेवारी 2022 ची अखेर उजाडली.