आधणापासून पेल्यापर्यंत

रायपूर शहरातील पंडरी हा भाग कापडाच्या घाऊक व्यापाराबद्दल सर्व छत्तीसगडात प्रसिद्ध आहे. लग्नसराईत आसपासच्या खेड्यांतून आलेली गिऱ्हाइके येथील दुकानांच्या गादीवर विसावतात, लुगड्यांच्या घड्या उलगडू लागतात आणि भावाची बोलणी रंगात येण्यापूर्वीच दाट, दुधाळ, आल्याच्या वासाचा चहा समोर येऊन ठेपतो. शहराचे बसस्थानकही कित्येक वर्षे याच भागात होते. ते २०२१ साली भाठागावला गेले. प्रवासी गेले, तथापि चहा राहिला. सौदा पटो अथवा न पटो, चहा नाकारून उठणे तेथे शिष्टसंमत नाही.

रायपुरात मराठी कुटुंबे आजची नव्हेत. नागपूरकर भोसल्यांची सत्ता अठराव्या शतकात छत्तीसगडावर प्रस्थापित झाली, तेव्हापासून मराठी माणूस या प्रदेशात येत राहिला. १९३५ साली स्थापन झालेले महाराष्ट्र मंडळ त्याच्या स्थिरपणाची साक्ष देते. या घरांतून पोहे पुण्याच्या पद्धतीचे होतात आणि चहा मात्र बाजारासारखा दाट हवा असतो. पण नेमका येथेच घास अडतो. बाजारातला चहा जिभेवर रेंगाळतो. घरी केलेला कधी फुळकवणी होतो, कधी कडवट लागतो आणि पाहुणे दारात असताना कधी दूधच नासते. मोजून आणलेले दूध मोरीत ओतावे लागले, की ज्या घरी पैशापैशाचा हिशेब असतो तेथे ते दुःख लहान नसते. हे केवळ हाताचे गुण-दोष नाहीत. त्यामागे कारणे आहेत आणि ती समजली तर उपायही सोपे आहेत.

चहा हे पेय मराठी घरात सहजासहजी शिरले नाही. १८२३ साली रॉबर्ट ब्रूस यास आसामात चहाची झुडपे असल्याचे कळले. तेथील सिंगफो लोकांस या पानांचा उपयोग आधीपासून ठाऊक होता. पुढे मळे उभे राहिले, परंतु माल जाई तो मुख्यतः विलायतेस. इकडे १८९० साली पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये गोपाळराव जोशी यांनी घडवून आणलेल्या समारंभात चहापान झाले आणि उपस्थितांची नावे छापून येताच सनातन्यांनी गहजब केला. लोकमान्य टिळक आणि न्यायमूर्ती रानडे यांच्यासारख्यांनाही त्या ग्रामण्याला तोंड द्यावे लागले. एका पेल्यापायी जातीबाहेर पडण्याची पाळी ज्या समाजात आली, त्याच समाजात आज चहा विचारल्यावाचून आतिथ्य पुरे होत नाही. एवढा पालट थोड्या पेयांनी पाहिला असेल.

विसाव्या शतकात चहाच्या व्यापाऱ्यांनी देशी गिऱ्हाइकाकडे लक्ष वळवले. त्यांच्या प्रचारकांनी शिकवलेली रीत अशी, की किटलीत पत्ती घालावी, वर उकळते पाणी ओतावे, झाकून ठेवावे आणि दूध वरून चमचाभर घ्यावे. लोकांनी पेय स्वीकारले, रीत मात्र स्वीकारली नाही. पत्ती महाग होती. थोड्या पत्तीतून जास्त कस काढावयाचा तर ती उकळणे भाग होते. घरात दूध होते, मसाला होता. प्रचारकांना हे रुचले नाही, पण टिकली ती लोकांचीच रीत.

या रीतीस अनुकूल अशी पत्तीही पुढे निर्माण झाली. १९३० च्या सुमारास आसामात विल्यम मॅककर्चर याने असे यंत्र बनवले, की ते चहाचे पान चिरडते, फाडते आणि त्याच्या बारीक गोळ्या करते. बाजारात जिला दाणेदार चहा म्हणतात ती हीच. पान चिरडल्यामुळे त्याचा रंग आणि कस पाण्यात झटपट उतरतो आणि दूध घातल्यावरही चव दबत नाही. लांब पानांच्या, नाजूक सुगंधाच्या दार्जिलिंग चहाला दुधात उकळणे म्हणजे त्याचा सुगंध वाया घालवणे होय. मसाल्याच्या चहासाठी आसामचा दाणेदार चहाच योग्य.

पत्ती घेताना एक परीक्षा घरच्या घरी करता येते. ओलसर टीपकागदावर चिमूटभर पत्ती पसरावी. कागदावर लगेच तांबडे वा पिवळे डाग उमटले, तर पत्तीस वरून रंग दिला आहे असे समजावे. शुद्ध पत्तीचा रंग थंड पाण्यात असा झटकन सुटत नाही.

आता दुधाचा विचार. चहा दाट लागतो तो दोन गोष्टींमुळे: दुधातील स्निग्धांश आणि दुधातील प्रथिने. गाईच्या दुधात स्निग्धांश साधारण ४ टक्के असतो, म्हशीच्या दुधात ६ ते ७ टक्के. पिशवीतील दुधापैकी फुल क्रीम दुधात तो किमान ६ टक्के, टोन्ड दुधात ३ टक्के असावा असा नियम आहे. म्हणून म्हशीच्या वा फुल क्रीम दुधाचा चहा मुळातच दाट होतो. मसाल्यातील सुगंधी तेले पाण्यापेक्षा स्निग्ध पदार्थात चांगली विरघळतात; त्यामुळे त्यांची चव साईच्या दुधात अधिक काळ टिकते. प्रथिनांचे काम वेगळे. गाईच्या दुधातील सुमारे ८० टक्के प्रथिने केसिन नावाची असतात. चहातील तुरट द्रव्ये या केसिनला चिकटतात आणि जिभेला जाणवणारा तुरटपणा कमी होतो. दूध मंद आचेवर आटू लागले, की पाणी उडते, प्रथिने एकमेकांस बिलगतात आणि दुधाला बासुंदीच्या वाटेवरची गोडी येते. अलीकडे महाराष्ट्रात बासुंदी चहा या नावाने जो विकला जातो, त्याचे रहस्य हेच.

मसाल्यात प्रत्येकाची वेळ ठरलेली आहे. आले, लवंग, दालचिनी व मिरे यांचा गुण सावकाश उतरतो, म्हणून ते प्रथम पाण्यात पडावेत. वेलदोड्याचा सुगंध उडून जाणारा असतो. तो आरंभापासून उकळला तर सारे स्वयंपाकघर दरवळते आणि पेल्यात काही उरत नाही. तो ऐन शेवटी ठेचून घालावा. जायफळ घातलेच तर खिसून, चिमटीच्या टोकावर मावेल इतकेच.

आल्याविषयी विशेष सांगावयास हवे, कारण दूध नासण्याचे बहुतेक प्रसंग त्याच्यामुळे घडतात. ताज्या आल्यात प्रथिने तोडणारे एक पाचक द्रव्य असते. दूध कोमट ते चांगले गरम होत असताना ते फार जोमाने काम करते आणि दुधाचे दही झाल्यासारखे कण दिसू लागतात. हेच द्रव्य उकळत्या पाण्यात मात्र निकामी होते. म्हणून आले किसून थेट दुधात घालू नये; पाण्यात चार-पाच मिनिटे खळखळ उकळावे आणि मगच दूध घालावे. सुंठीच्या बाबतीत हा धोका पुष्कळच कमी असतो.

दुसरे कारण दुधाचेच. रायपूरचा उन्हाळा कडक असतो. सकाळचे दूध दुपारपर्यंत उघडे राहिले तर ते आंबटाकडे झुकते, पण वासावरून ते कळत नाही. अशा वेळी चमचाभर दूध निराळे उकळून पाहावे. ते फुटले नाही तरच उरलेले चहात ओतावे. चमचाभर दुधाच्या परीक्षेने अर्धा लिटर दूध वाचते. तिसरे कारण गुळाचे. गुळात थोडी आम्लता व क्षार असतात; उकळत्या दुधात गूळ पडला की ते फाटण्याचा संभव असतो. गुळाचा चहा करावयाचा असल्यास पातेले खाली उतरवावे, उकळी बसू द्यावी आणि मग बारीक चिरलेला गूळ ढवळून विरघळवावा.

एवढे ध्यानी ठेवले म्हणजे कृती अवघड नाही. चार कपांसाठी ३०० मिलिलिटर पाण्याचे आधण ठेवावे. त्यात इंचभर आले ठेचून, दोन लवंगा, चार मिरे आणि दालचिनीचा लहान तुकडा घालून पाच मिनिटे उकळावे. नंतर सपाट चार चमचे दाणेदार चहा घालून दोन मिनिटे उकळू द्यावा. तोवर दुसऱ्या शेगडीवर ४५० मिलिलिटर दूध तापवून ठेवलेले असावे. ते गरमच ओतावे. थंड दूध ओतल्याने उकळी मोडते आणि पुन्हा ती येईपर्यंत पत्ती कढत राहून कडवटपणा वाढतो. आता आच मंद करावी. चहा वर येऊ लागला की पळीने ढवळून खाली बसवावा. पाच-सात मिनिटांत असे दोन-तीनदा करावे. सतत ढवळल्याने साय वर धरत नाही, चहातच मिसळते. दुधाचा पांढरेपणा जाऊन विटकरी छटा आली, की साखर आणि ठेचलेले तीन-चार वेलदोडे घालावेत, झाकण ठेवून पातेले उतरवावे आणि मिनिटभराने गाळावे. गाळलेला चहा एका भांड्यातून दुसऱ्यात थोड्या उंचीवरून दोनदा ओतला तर हवा मिसळून फेस येतो. चहावाल्याची ती लांब धार केवळ देखाव्यासाठी नसते.

पत्ती वाढवल्याने चहा दाट होत नाही, कडू होतो. आणि दूध वाढवून उकळ कमी केल्यास तो दाट न होता केवळ पांढरा होतो. गवती चहा वा तुळशीची पाने घालावयाची असल्यास ती आल्याबरोबर पाण्यातच घालावीत. मात्र पाच मसाल्यांच्या जोडीला गवती चहा असा मेळा एकाच पातेल्यात भरवू नये. कोणाचेच बोलणे नीट ऐकू येत नाही.

शेवटी एक गोष्ट चवीहून महत्त्वाची. जी तुरट द्रव्ये चहाला चव देतात, तीच पोटात गेल्यावर डाळी, भाज्या व धान्य यांतील लोहाला धरून ठेवतात आणि ते शरीराला पुरते मिळत नाही. २०१९ ते २०२१ या काळात झालेल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयाच्या भारतीय स्त्रियांपैकी ५७ टक्के स्त्रियांत रक्तक्षय आढळला. या रक्तक्षयाची कारणे अनेक आहेत आणि सारा दोष चहाच्या माथी मारणे अन्यायाचे होईल. तथापि ज्या घरात स्त्री सर्वांची पाने वाढून झाल्यावर शेवटी जेवते आणि लगेच चहाचा पेला हाती घेते, त्या घरात हा पेला तिच्या अंगी लागू पाहणारे लोह हिरावून घेत असतो. जेवण आणि चहा यांत तासभराचे अंतर ठेवावे, आणि पानावर लिंबाची फोड असावी. लिंबातील जीवनसत्त्व लोह शोषून घेण्यास साहाय्य करते. लहान मुलांना दूध प्यायला मिळावे, चहा नव्हे.

पंडरीच्या बाजारात चहा येतो तो सौद्याच्या वेळी, जेवणाच्या नव्हे. घरातही दुपारच्या उन्हाची तिरीप कलल्यावर, कामे आटोपल्यावर, चार माणसे एकत्र बसतात ती वेळ चहाची. त्या वेळी आधण ठेवणारीलाही त्याच चौघांत बसून, तोच गरम पेला पिता आला पाहिजे. मग तो चहा कितीही दाट असो, कोणास जड होणार नाही.