कवळीच्या खेपा

भिवापूरहून नागपूर सुमारे 75 किलोमीटर. वाटेत उमरेड. पूर्वी नागभीडकडून येणारी अरुंद रुळांची छोटी रेल्वेगाडी होती. नोव्हेंबर 2019 मध्ये रुंदीकरणासाठी ती बंद झाली आणि म्हाताऱ्या माणसांनाही एसटीचाच आधार उरला. एसटीत 65 ते 75 वर्षांच्या ज्येष्ठांना अर्धं तिकीट, 75 च्या पुढच्यांना ऑगस्ट 2022 पासून मोफत, बायकांना मार्च 2023 पासून अर्धं. म्हणजे दात नसलेल्या म्हातारीला नागपूरला जाणं फार महाग पडत नाही. महाग पडतो तिच्यासोबत जाणारा मुलगा किंवा नातू. त्याला पूर्ण तिकीट, आणि सोयाबीन काढणीचे दिवस असले तर रोजीही बुडालेली.

कवळीचा हिशेब इथूनच मांडला पाहिजे. लोक विचारतात, "कवळी केवढ्याला?" वर-खालची साधी अ‍ॅक्रिलिकची पूर्ण कवळी खासगी दवाखान्यात साधारण आठ-दहा हजारांपासून सुरू होते आणि दातांच्या व लॅबच्या दर्जाप्रमाणे पंचवीस-तीस हजारांपर्यंत चढते. नागपुरात मेडिकलच्या (शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या) आवारातल्या शासकीय दंत महाविद्यालयात (स्थापना 1968) याच कवळीला खर्च पुष्कळ कमी येतो. पण कवळी चष्म्यासारखी एका खेपेत हाती पडत नाही. करायला पाचेक खेपा, आणि घातल्यानंतर टोचतं म्हणून आणखी तीन-चार. भिवापूरच्या माणसासाठी खरी किंमत या खेपांची आहे.

पहिली खेप मापाची. त्याआधी उरलेसुरले हलणारे दात काढून, हिरड्या भरून यायला दोन-तीन महिने थांबावं लागतं, ते वेगळंच. मापासाठी तोंडात धातूचा ट्रे जातो. त्यात एका प्रकारच्या समुद्री शेवाळापासून केलेल्या पावडरीचा गुलाबी-पांढरा लगदा असतो, किंवा गरम पाण्यात मऊ केलेली लाखेसारखी वडी. टाळूला तो लागला की उमासे येतात. डॉक्टर सांगतात, "आजी, नाकानं श्वास घ्या, मान खाली करा." या पहिल्या मापावरून प्लास्टरचा साचा आणि त्यावरून त्या एकाच तोंडाला बसेल असा खास ट्रे तयार होतो. दुसऱ्या खेपेला ट्रेच्या काठाला हिरव्या कांडीचं मेण तापवून लावतात आणि गाल ओढून, ओठ हलवून, जीभ बाहेर काढायला लावून काठ घडवतात. हे काम बघायला कंटाळवाणं आहे, पण कवळी टिकणार की पडणार याचा निकाल इथेच लागतो. काठ मिलिमीटरभर लांब राहिला तर बोलताना कवळी उचलली जाते, आखूड राहिला तर आत हवा शिरते.

वरची कवळी टाळूला धरून राहते ती लाळेच्या पातळ थरामुळे आणि काठानं हवा अडवल्यामुळे. ओल्या ओट्यावर उपडी ठेवलेली वाटी उचलताना जोर लागतो, तसंच. खालच्या कवळीला हे सुख नाही. तिचा आकार घोड्याच्या नालेसारखा, टेकायला जागा वरच्यापेक्षा खूपच कमी, आणि मधे सतत वळवळणारी जीभ. त्यातून दात गेल्यावर जबड्याचं हाड झिजत जातं. डेन्मार्कच्या आंतजे टालग्रेन यांनी कवळी वापरणाऱ्यांची वर्षानुवर्षं मापं घेऊन 1972 मध्ये दाखवलं, की खालच्या जबड्याची झीज वरच्याच्या चौपटीच्या आसपास असते. म्हणून "वरचा सेट मस्त बसला, खालचा फिरतो" ही तक्रार भिवापुरात येते तशीच कोपनहेगनमध्येही येते.

तिसरी खेप सगळ्यांत पाहण्यासारखी. प्लास्टरच्या साच्यावर मेणाच्या दोन जाड कडा उभ्या केलेल्या असतात. दात अजून लागलेले नसतात. डॉक्टर नाकाच्या शेंड्यावर आणि हनुवटीवर पेनानं एकेक ठिपका देतात, पट्टीनं अंतर मोजतात. तोंड सैल सोडलं की किती, कडा एकमेकींवर टेकल्या की किती. दोन्हींत साधारण दोन ते चार मिलिमीटरची फट राहायला हवी. ती नसेल तर दात बोलताना एकमेकांवर आपटतात, जबडा दुखतो; जास्त असेल तर तोंड आत ओढलेलं, ओठांच्या कोपऱ्यात चीर. मग मेण स्पिरिटच्या दिव्यावर तापवायचं, कापायचं, पुन्हा तोंडात. "जीभ मागे वळवा, टाळूला लावा. आता थुंक गिळा अन् दाबा." दहा वर्षं दात नसलेला माणूस या वाक्यावर गोंधळतो. इतकी वर्षं हिरडीवर हिरडी टेकवून भाकर कुस्करायची, म्हणून खालचा जबडा पुढे काढायची सवय लागलेली असते. "मागं घ्या आबाजी, मागं" म्हटलं की आबाजी मान मागे घेतात. नवशिका विद्यार्थी असेल तर इथे अर्धा तास जातो. मग एकसष्ट, बासष्ट, त्रेसष्ट मोजायला लावतात. 'स' नीट उमटला की फट बरोबर आहे असा एक अंदाज येतो. सदुसष्टपर्यंत येता येता मोजणाऱ्यालाच हसू फुटतं.

रंग निवडायचाही याच सुमारास. दातांच्या पट्टीवर फिकट पिवळ्यापासून करड्यापर्यंत छटा असतात आणि सत्तरीतल्या माणसाला शोभेल अशी छटा डॉक्टर दाखवतात. घरच्यांना मात्र पांढरेशुभ्र हवे असतात. नातवाच्या लग्नाच्या फोटोसाठी कवळी करणारे बरेच. त्यांच्यापुढे डॉक्टरांचं काही चालत नाही.

चौथ्या खेपेला मेणात बसवलेले दात घालून पाहायचे. पूर्ण संचात 28 दात, अक्कलदाढा सोडून. आरशात बघून बहुतेक जण गप्प होतात, काही जण लगेच तोंडावर हात ठेवतात. दुरुस्ती सांगायची ती आताच, कारण यानंतर मेण जाऊन त्या जागी अ‍ॅक्रिलिक येणार. लॅबमध्ये साचा धातूच्या डब्यात प्लास्टरनं बंद करतात, उकळत्या पाण्यानं मेण वितळवून काढतात, त्या पोकळीत पावडर-द्रव कालवून झालेली गुलाबी कणीक दाबून भरतात आणि डबा पाण्यात शिजायला लावतात. सावकाश शिजवायचं असेल तर 74 अंशांवर आठ-नऊ तास. घाई करून थेट उकळलं तर अ‍ॅक्रिलिकमध्ये बुडबुडे राहतात. पुढे त्या छिद्रांत बुरशी घर करते. ही पद्धत साधारण 1930 च्या दशकाच्या उत्तरार्धात आली. त्याआधी कवळ्या गंधकानं पक्क्या केलेल्या रबराच्या असत, रंगानं काळपट-तांबड्या आणि वासानं नकोशा.

पाचव्या खेपेला कवळी हातात येते आणि लोकांना वाटतं, झालं. खरा त्रास दुसऱ्या दिवशी सुरू होतो.

पहिला अनुभव तोंड भरल्याचा. लाळ सुटते, बोलणं बोबडं होतं, उमासे येतात. टाळू झाकल्यामुळे चहा किती गरम आहे ते कळत नाही आणि घसा भाजतो. चावण्याची ताकद स्वतःच्या दातांच्या पाचव्या-सहाव्या हिश्श्याइतकीच राहते, हे कुणी आधी सांगितलेलं नसतं. म्हणून समजावणारे डॉक्टर पहिले दोन-तीन दिवस वरण-भात, खिचडी, पातळ पिठलं असंच सांगतात. घास लहान, आणि पुढच्या दातांनी तोडायचं नाही, दोन्ही बाजूंनी एकदम चावायचं. पेरू, ऊस, भाजलेला हरभरा जवळजवळ कायमचाच बाद.

आणि मिरची. भिवापूरची मिरची भौगोलिक मानांकन मिळालेली, लालभडक आणि झणझणीत. सातऱ्यावर, म्हणजे मिरची निवडायच्या जागी, बसून देठं खुडण्यात कित्येक बायांची हयात गेलेली. त्यांच्या ताटात ती नसेल तर जेवण झाल्यासारखं वाटत नाही. कवळीच्या काठानं हिरडीला जखम झाली असेल आणि त्यावर तर्री आली की डोळ्यांतून पाणी येतं. दुसरं, मिरचीचं बी. टोमॅटोचं, वांग्याचं, तिळाचं, कसलंही बी खालच्या कवळीखाली सरकलं की पुढचा प्रत्येक घास कळ देतो. अनुभवी लोक जेवण अर्ध्यावर ठेवून कवळी काढतात, चूळ भरतात, पुन्हा बसवतात. नवखे कवळी काढतात आणि फडक्यात गुंडाळून कोनाड्यात ठेवून देतात.

इथे डॉक्टरांचं काम दहा मिनिटांचं असतं. जखमेवर निळ्या शाईच्या पेन्सिलीनं खूण करतात, कवळी घालतात, काढतात. निळा डाग कवळीच्या आतल्या बाजूला उमटतो, नेमका जिथे काठ घासतोय तिथे. छोट्या मशिनीवर बर, म्हणजे घासायचं टोक, फिरवून तेवढा कण घासला, पॉलिश केलं, की झालं. "आता टोचते का जी?" "नाही जी." जखम भरायला दोन-चार दिवस. एवढ्याशा कामासाठी भिवापूरचा माणूस 75 किलोमीटर जाऊन परत येईल का? एकदा येतो. दुसऱ्यांदा घरचे म्हणतात, "पुढच्या महिन्यात पाहू." कवळी पेटीत जाते. इकडे हाड झिजतच राहतं आणि महिनोन्महिन्यांनी पुन्हा घातली तर ती बसत नाही. मग सगळं गाव सांगतं, कवळीत काही अर्थ नाही.

सरकारी कवळीचं घोडं इथेच अडतं. केंद्राच्या सामाजिक न्याय मंत्रालयाची राष्ट्रीय वयोश्री योजना एप्रिल 2017 पासून सुरू आहे. दारिद्र्यरेषेखालच्या ज्येष्ठांना काठी, चष्मा, श्रवणयंत्र, चाकाची खुर्ची यांबरोबर कवळीही देण्याची तरतूद तीत आहे, आणि वस्तू पुरवते कानपूरची अलिम्को. राज्यानं 2024 मध्ये मुख्यमंत्री वयोश्री योजना आणली. 65 वर्षांपुढच्या पात्र ज्येष्ठांच्या खात्यात एकरकमी 3000 रुपये. दोन्ही चांगल्याच. पण काठी शिबिरात मोजून हातात देता येते, तशी कवळी देता येत नाही. शिबिरात माप घेतलं, महिन्यानं कवळी आणून दिली, आणि मंडळी निघून गेली, तर त्या कवळीची पुढची दुरुस्ती कुणी करायची? 3000 रुपयांत खासगी पूर्ण कवळी होत नाही. जुनीला आतून नवं अ‍ॅक्रिलिक लावून घट्ट करण्याचं काम मात्र बऱ्याच ठिकाणी होऊ शकतं.

दंत महाविद्यालयांत वेगळीच गंमत दिसते. विद्यार्थ्यांना परीक्षेआधी ठरावीक संख्येनं पूर्ण कवळ्या करून दाखवायच्या असतात. तेव्हा गरज दोघांना असते आणि पुष्कळदा विद्यार्थ्यालाच जास्त. "आजी, उद्या येता ना? चुकवू नका हं," असा फोन डॉक्टरीणबाईंचाच येतो, वेळप्रसंगी फी किंवा बसचं भाडं त्याच खिशातून भरतात. काम सावकाश होतं, पण शिक्षक प्रत्येक टप्पा तपासतात. खेपा वाढल्या तरी चालतील अशा, हाताशी वेळ असलेल्या माणसाला यापेक्षा चांगली सोय मिळणं कठीण.

या भागात दुसरी अडचण खर्‍याची. सुपारी, तंबाखू आणि चुना प्लॅस्टिकवर घोटून केलेला खर्रा वर्षानुवर्षं गालात ठेवला की गालाच्या आतलं अस्तर कडक होत जातं आणि तोंड जेमतेम दोन बोटं उघडतं. अशा तोंडात मापाचा ट्रेच जात नाही. मग दोन तुकड्यांत माप घ्यावं लागतं, कवळीही कधी दोन भागांत करावी लागते, आणि हे काम सरसकट कुणी हाती घेत नाही. म्हाताऱ्या बायांची तऱ्हा निराळी: दात असेपर्यंत नस (तपकीर) किंवा तंबाखूची गुडाखू घासण्याची सवय, आणि दात गेल्यावर हिरडीवर तीच. कवळी घालून नस लावली की ती कवळीखाली साचते. डॉक्टर नस सोडा म्हणतात; सुटते ती कवळी.

वापराचे नियम साधे, पण मोडायला सोपे. रात्री कवळी काढून पाण्याच्या भांड्यात ठेवायची. तशीच घालून झोपल्यास टाळू लाल होतो, त्यावर कॅन्डिडा नावाची बुरशी वाढते. उकळत्या पाण्यात टाकायची नाही, वाकडी होते. दंतमंजन किंवा राखेनं घासायची नाही, चरे पडतात. मऊ ब्रश आणि साबणाचं पाणी पुरे. आणि तुटली तर झटपट चिकटवणारा गोंद लावायचा नाही. हा शेवटचा नियम सगळ्यांत जास्त मोडला जातो, कारण गोंद किराणा दुकानात पाच-दहा रुपयांना मिळतो. तुकडे थोडे जरी सरकून चिकटले तरी लॅबला मग ते नीट जोडता येत नाहीत. मोडलेल्या कवळीचे सगळे तुकडे जसेच्या तसे नेले तर दुरुस्ती स्वस्तात आणि लवकर होते.

कवळी दिवसभर घातलीच पाहिजे असाही काही दंडक नाही. शेजारच्या वर्धा जिल्ह्यात सेवाग्रामला राहणारे गांधीजी उतारवयात कवळी वापरत, आणि तीही जेवणापुरतीच. फोटोंत त्यांचं बोळकं हसू दिसतं ते त्यामुळे. भिवापूरकडचे कित्येक आबाजी त्याच वळणाचे. लग्नाला, बाजाराला आणि जेवायला घालायची. पारावर बसताना खिशात.

ज्यांची खालची कवळी काही केल्या थांबत नाही, त्यांच्यासाठी जबड्यात दोन इम्प्लांट बसवून त्यावर कवळी अडकवण्याचा उपाय आहे. मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात 2002 मध्ये जमलेल्या तज्ज्ञांनी खालच्या जबड्यासाठी तोच पहिला पर्याय असावा असं म्हटलं होतं. साध्या कवळीच्या कित्येक पट खर्च पाहता सातऱ्यावर राबलेल्या बाईला तो परवडण्यातला नाही. तिला लागते ती निळी पेन्सिल, दोन-तीन बर आणि एक लहानशी मशीन. हा सगळा जामानिमा एका पिशवीत मावतो. महिन्यातून एकदा, आठवडी बाजाराच्या दिवशी, कुणी दंतवैद्य तो घेऊन भिवापूरच्या ग्रामीण रुग्णालयात दोन तास बसला, तर पेटीत पडलेल्या कितीतरी कवळ्या पुन्हा जेवायला लागतील, आणि बाजाराला आलेल्या आजीला त्यासाठी वेगळी एसटी धरावी लागणार नाही.