पवनेच्या खोऱ्यातली कासवं

मावळातल्या बेडसे लेण्यांच्या पायथ्याची भातखाचरं पवना खोऱ्यात मोडतात. पवनेचं पाणी पुढे भीमेला मिळतं, आणि भीमेच्या खोऱ्यातलं मानाचं कासव म्हणजे लीथचं मऊ पाठीचं कासव. १८७२ साली जॉन एडवर्ड ग्रे यांनी त्याचं शास्त्रीय वर्णन केलं, तेही पुण्याच्या नमुन्यावरून! पाठीवर खवले नाहीत, नुसती कातडी; नळीसारखं नाक तेवढं पाण्याबाहेर. आज ते अतिसंकटग्रस्त आहे.

डबक्यातलं झडपेचं कासव लहान. मागचे पाय आत ओढले की पोटाकडच्या कातडी झडपा त्यांवर मिटतात. पाणी आटलं की ते स्वतःला चिखलात पुरून घेतं.

चांदण्यांची नक्षी असलेलं तारा कासव जमिनीवरचं, कोरड्या झुडपी रानातलं. मावळातल्या धो-धो पावसात त्याचं काय काम? लक्ष्मी येते म्हणून ते घरात ठेवणं हा १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार गुन्हा आहे.