विश्लेषण : पानिपतावर ‘काळाचे पहारेकरी’ नेमले असते तर? नारळीकरांच्या कथेचा नाशिकशी काय संबंध?

मार्व्हलच्या ‘लोकी’ मालिकेमुळे (२०२१) ‘टीव्हीए’ हे नाव मराठी घरांतल्या मोबाइलवरही पोहोचले. टाइम व्हेरिअन्स ऑथॉरिटी म्हणजे काळाचे सरकारी खातेच. फायली, टेबले, गणवेशातले शिपाई, सगळे आहे. काळाला ठरल्यापेक्षा वेगळी फांदी फुटली, की हे शिपाई तिथे धडकतात आणि ती छाटून टाकतात. पाहायला गंमत वाटते. पण त्या फांदीवरच्या माणसांचे काय होते?

कल्पना आली कुठून?

ही कल्पना मार्व्हलची नाही. अमेरिकी लेखक पोल अँडरसन यांनी १९५५ मध्ये ‘टाइम पेट्रोल’ ही कथामालिका सुरू केली. तिचा नायक मॅन्स एव्हरार्ड इतिहासात गस्त घालतो. ‘डेलेंडा एस्ट’ या कथेत कोणीतरी ढवळाढवळ केल्याने रोमऐवजी कार्थेज जिंकते आणि पुढचे सगळे जगच बदलते. एव्हरार्डचे काम जुना इतिहास परत आणण्याचे. ते केले, की नव्या जगातली जिवंत माणसे कधी नव्हतीच, असे होणार. त्याच वर्षी आयझॅक असिमोव्ह यांची ‘द एंड ऑफ इटर्निटी’ आली. तिथले काळरक्षक माणसाच्या भल्यासाठी इतिहास इतका सुरक्षित करत राहतात, की माणूस ताऱ्यांपर्यंत पोहोचण्याची संधीच गमावतो.

तिसरे नाव मराठी वाचकाला जवळचे आहे. खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉइल यांच्या ‘ऑक्टोबर द फर्स्ट इज टू लेट’ (१९६६) या कादंबरीत पृथ्वीच्या वेगवेगळ्या भागांत वेगवेगळा काळ सुरू होतो. इंग्लंड १९६६ मध्ये, पण खाडीपलीकडे युरोपात पहिले महायुद्ध चालूच आणि ग्रीसमध्ये प्राचीन अथेन्स. हे हॉइल म्हणजे केंब्रिजमध्ये जयंत नारळीकरांचे मार्गदर्शक.

पानिपत कसे वळते?

नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतले पुण्याचे इतिहासकार गंगाधरपंत गायतोंडे मुंबईला जातात आणि भलत्याच मुंबईत उतरतात. तिथे ईस्ट इंडिया कंपनी अजून व्यवसाय करते आहे. ग्रंथालयात त्यांना स्वतःच्याच इतिहासग्रंथात वाचायला मिळते की पानिपत मराठ्यांनी जिंकले. फरक एका गोळीचा. आपल्या इतिहासात १४ जानेवारी १७६१ रोजी ती विश्वासरावांना लागली. त्या जगात कानाजवळून निघून गेली. कथेतले राजेंद्र देशपांडे हे कोडे कॅटॅस्ट्रॉफी थिअरी आणि क्वांटम सिद्धान्ताच्या आधारे उलगडतात : एखाद्या क्षणी परिस्थिती अशी तोलावर असते की इवल्याशा फरकाने सगळे दुसऱ्याच बाजूला कलंडते. याच कथेचे ‘द अ‍ॅडव्हेंचर’ हे इंग्रजी रूप एनसीईआरटीच्या अकरावीच्या पुस्तकात आले.

आता या प्रसंगी एव्हरार्डला पानिपतावर उभे करा. इतिहास ‘आहे तसा’ राखणे ही त्याची नोकरी. म्हणजे त्याने विश्वासरावांना वाचवायचे नाही. उलट कोणी वाचवू पाहत असेल तर त्याला अडवायचे आणि गोळी नेमकी लागेल याची खात्री करायची! परदेशी मालिकांत सहज खपून जाणारी ही ‘ड्युटी’ पानिपतावर आणली की मराठी माणसाच्या घशाखाली उतरत नाही. नारळीकरांच्या कथेत असा पहारेकरी नाहीच. त्या धोक्याच्या प्रदेशात शिरतो तो शस्त्रधारी शिपाई नव्हे, तर वाचनाची सवय असलेला प्राध्यापक. तो काही दुरुस्त करत नाही. तो पुरावा शोधतो, आणि परत येताना त्याच्या खिशात बखरीचे एक पान राहते. ही निवड अधिक शहाणपणाची म्हणावी लागेल.

नाशिकचा धागा काय?

विश्वासरावांच्या आई गोपिकाबाई पेशवे यांच्या आयुष्याचा अखेरचा काळ नाशिक-गंगापूर परिसरात गेला. विश्वासराव गेले, १७७२ मध्ये माधवराव गेले, १७७३ मध्ये नारायणरावांचा खून झाला. तिन्ही मुलांच्या मागे त्या १७८८ पर्यंत जगल्या. ‘ती गोळी चुकली असती तर’ हा कथेतला प्रश्न इथे, गोदाकाठी, एका आईचा होता.

दुसरा धागा अलीकडचा. नाशिकमधील ९४ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष नारळीकरच होते. करोनामुळे लांबलेले हे संमेलन ३ ते ५ डिसेंबर २०२१ या काळात आडगावच्या कुसुमाग्रजनगरीत झाले. विज्ञानकथाकाराला हा मान पहिल्यांदाच मिळाला होता, पण प्रकृतीमुळे ते येऊ शकले नाहीत. योगायोग असा, की गंगाधरपंतांना आझाद मैदानावर दिसते ती सभेतली अध्यक्षाची रिकामी खुर्चीच. ते तिच्यावर बसतात आणि श्रोते खवळतात, कारण त्या जगात अध्यक्ष ही पद्धतच बंद झालेली असते. नारळीकरांचे २० मे २०२५ रोजी पुण्यात निधन झाले.

खराखुरा पहारेकरी कोण?

काळ सगळीकडे सारख्या वेगाने चालत नाही, हे तर रोजच्या वापरातले सत्य आहे. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. ही दुरुस्ती केली नाही तर एका दिवसात मोबाइलवरचा नकाशा काही किलोमीटरने चुकू लागेल.

मागे जाण्याबाबत मात्र स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ मध्ये तर्क मांडला की भौतिकशास्त्राचे नियमच भूतकाळाची वाट रोखून धरतात. यामुळे जग इतिहासकारांसाठी सुरक्षित राहते, अशी कोटीही त्यांनी केली. २८ जून २००९ रोजी त्यांनी कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रणे ती उरकल्यावर जाहीर केली. कोणीही आले नाही. तर्क मात्र अजून सिद्ध झालेला नाही.