लेह : शीत वाळवंटातील एका नगराचा इतिहास, हवामान आणि लोकजीवन

प्रस्तावना

उत्तर भारतातील नगरांचा विचार करताना सामान्यतः गंगा-यमुनेच्या खोऱ्यातील सुपीक मैदाने, मोसमी पाऊस आणि दाट लोकवस्ती हे चित्र डोळ्यांसमोर येते. लडाखमधील लेह हे नगर या चित्रात बसत नाही. समुद्रसपाटीपासून सुमारे ३,५०० मीटर उंचीवर वसलेल्या या नगरात वर्षभरात जेमतेम १०० मि.मी. वृष्टी होते. महाराष्ट्रातील अवर्षणप्रवण तालुक्यांतही याच्या चौपट-पाचपट पाऊस पडतो, हे लक्षात घेतले म्हणजे येथील टंचाईची कल्पना येते.

लेहविषयीच्या लेखनात राजघराण्यांचा इतिहास, हवामानाची आकडेवारी आणि लोकांच्या चालीरीती यांची माहिती बहुधा स्वतंत्रपणे दिली जाते. प्रत्यक्षात या तिन्ही बाबींना जोडणारा एकच धागा आहे आणि तो म्हणजे पाणी. अत्यल्प पाण्यावर नगर कसे उभे राहिले, ते पाणी वाटून घेण्याची कोणती शिस्त समाजाने निर्माण केली आणि ती शिस्त आज कोणत्या ताणाखाली आहे, याचा आढावा घेणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

भौगोलिक स्थान आणि हवामान

लेहच्या उत्तरेस लडाख पर्वतरांग असून दक्षिणेस सिंधू नदीच्या पलीकडे झंस्कार रांग आहे. नैऋत्येकडून येणारे मोसमी वारे मुख्य हिमालय ओलांडताना आपले बहुतेक बाष्प गमावतात. त्यामुळे हा संपूर्ण प्रदेश पर्जन्यछायेत येतो. हिवाळ्यात पश्चिमी विक्षोभांमुळे थोडा हिमवर्षाव होतो. उन्हाळ्यात क्वचित सरी पडतात. जानेवारीत किमान तापमान उणे १४ ते उणे १५ अंश सेल्सिअसच्या आसपास असते, तर जुलैमध्ये दिवसाचे तापमान २५ अंशांपर्यंत चढते. हवा विरळ व कोरडी असल्यामुळे ऊन प्रखर लागते आणि सूर्यास्तानंतर गारठा झपाट्याने वाढतो. म्हणूनच या प्रदेशाला ‘शीत वाळवंट’ असे म्हटले जाते.

येथे एक बाब विशेष ध्यानात घेतली पाहिजे. सिंधू नदी लेहपासून जवळ असली तरी ती नगराच्या बऱ्याच खालच्या पातळीवरून वाहते. पंप नसलेल्या काळात तिचे पाणी वर आणणे शक्यच नव्हते. लेहचा खरा आधार म्हणजे खार्दुंग ला खिंडीच्या बाजूने, लडाख रांगेवरील हिम आणि लहान हिमनद्या वितळून खाली येणारा ओढा. या ओढ्याच्या काठाने जेवढी जमीन भिजू शकली तेवढीच हिरवी झाली. तिच्या पलीकडे आजही उघडे खडक आणि वाळू आहे. म्हणजेच नगराचा विस्तार किती व्हावा, हे शतकानुशतके या ओढ्यानेच ठरविले.

ऐतिहासिक वाटचाल

दहाव्या शतकात तिबेटी राजवंशाच्या एका शाखेने पश्चिमेकडे येऊन या भागात राज्य स्थापन केले. आरंभीच्या काळात सिंधूकाठचे शे हे राजधानीचे ठिकाण होते. पुढे नामग्याल घराण्याच्या काळात लेहचे महत्त्व वाढत गेले. सतराव्या शतकाच्या पूर्वार्धात सेंगे नामग्याल या राजाच्या कारकिर्दीत नगरामागील टेकडीवर नऊ मजली राजवाडा उभा राहिला. दगड, कच्च्या विटा, माती आणि लाकूड यांतून उभारलेली ही वास्तू ल्हासा येथील पोताला राजवाड्याच्या आजच्या इमारतीपूर्वीची आहे.

लेहची भरभराट शेतीपेक्षा व्यापारावर अधिक अवलंबून होती. काश्मीरकडून झोजी ला ओलांडून येणारा मार्ग, काराकोरम खिंडीतून यारकंदकडे जाणारा मार्ग, पूर्वेकडे तिबेटात जाणारा मार्ग आणि दक्षिणेकडे कुलूमार्गे पंजाबात उतरणारा मार्ग, हे सर्व लेहच्या बाजारात एकत्र येत. चांगथांगच्या पठारावरील शेळ्यांची पश्म लोकर येथून काश्मीरच्या विणकरांकडे जाई. १६८४ च्या तिंगमोसगांग तहाने पश्मच्या या व्यापारावर लडाखचा हक्क मान्य करण्यात आला. लेहहून ल्हासाकडे दर तीन वर्षांनी जाणारे ‘लोपचाक’ शिष्टमंडळ आणि ल्हासाहून येणारा चहाचा तांडा हे याच व्यवस्थेचे भाग होते.

१८३४ मध्ये जम्मूच्या गुलाबसिंगाचा सेनापती जोरावरसिंग याने लडाखवर स्वारी केली आणि काही वर्षांतच हे राज्य डोग्रा सत्तेखाली गेले. व्यापार मात्र चालूच राहिला. त्याला खरा धक्का विसाव्या शतकाच्या मध्यास बसला. १९४९ नंतर यारकंदचा मार्ग बंद पडला आणि १९६२ च्या युद्धानंतर तिबेटशी असलेला उरलासुरला व्यवहारही थांबला. शतकानुशतके चौरस्ता असलेले नगर अचानक सीमेवरचे ठाणे बनले.

याच सुमारास बाहेरील जगाशी जोडणारे नवे दुवे निर्माण झाले. लडाखी अभियंता सोनम नोर्बू यांच्या देखरेखीखाली तयार झालेल्या धावपट्टीवर २४ मे १९४८ रोजी एअर कमोडोर मेहरसिंग यांनी डकोटा विमान उतरविले. १९६० च्या दशकात श्रीनगर-लेह रस्ता वाहतुकीस उपयोगी पडू लागला. १९७४ मध्ये लडाख पर्यटकांसाठी खुले झाले. १९९५ मध्ये लेहसाठी स्वायत्त पर्वतीय विकास परिषद अस्तित्वात आली आणि ३१ ऑक्टोबर २०१९ रोजी लडाख स्वतंत्र केंद्रशासित प्रदेश झाला.

लोक आणि समाजरचना

२०११ च्या जनगणनेनुसार लेह नगराची लोकसंख्या ३०,८७० इतकी होती. रहिवाशांत बौद्धांची संख्या सर्वाधिक असली तरी या नगराचे स्वरूप कधीही एकजिनसी नव्हते. मुख्य बाजारपेठेच्या टोकाशी असलेली जामा मशीद सतराव्या शतकातील आहे. यारकंदी व काश्मिरी व्यापाऱ्यांनी स्थानिक स्त्रियांशी विवाह केल्यामुळे ‘अर्गोन’ हा मुस्लिम समुदाय निर्माण झाला आणि तांड्यांच्या व्यापारात तो अग्रेसर राहिला. १८८५ पासून येथे मोरेव्हियन मिशनचे कार्य सुरू झाल्याने एक लहान ख्रिस्ती समाजही आहे. व्यापारी मार्गांनी माणसे आणली आणि नगराने त्यांना सामावून घेतले, असे येथील समाजरचनेचे थोडक्यात वर्णन करता येईल.

या समाजाच्या अनेक प्रथांचा उलगडा मर्यादित जमीन व मर्यादित पाणी लक्षात घेतल्याशिवाय होत नाही. बौद्ध कुटुंबांत भावांनी एकच पत्नी करण्याची प्रथा होती व घरजमीन थोरल्या मुलाकडे जाई. घरातील एखादा मुलगा मठात भिक्षू होई. या सर्वांमुळे शेताचे तुकडे पडत नसत आणि कुटुंबांची संख्या आटोक्यात राही. १९४० च्या दशकाच्या आरंभी झालेल्या कायद्यांनी बहुपतित्वास बंदी केली आणि वारसाहक्काची जुनी रीत बदलली. त्याचप्रमाणे ‘फासपुन’ या नावाने ओळखला जाणारा, एकच कुलदैवत मानणाऱ्या घरांचा गट जन्म, विवाह व मृत्यू या प्रसंगी परस्परांच्या मदतीला येतो.

पाणी वाटपाची परंपरा

पाण्याच्या वाटपासाठी लडाखमधील गावांप्रमाणे लेहच्या परिसरातही ‘छुर्पोन’ ही व्यवस्था होती. छुर्पोन म्हणजे पाण्याचा कारभारी. ओढ्यापासून निघणारे पाट, ज्यांना ‘युरा’ म्हणतात, आणि रात्रीचे पाणी साठविणारी ‘झिंग’ ही तळी यांची देखभाल तो करी. कोणत्या शेताला कोणत्या दिवशी आणि किती वेळ पाणी मिळेल, हे ठरलेल्या क्रमानुसार तो पाहत असे. १९०८ च्या जमाबंदीच्या वेळी गावोगावच्या या रूढी ‘रिवाज-ए-आबपाशी’ या नावाने लिहून ठेवण्यात आल्या. न्यायालयात न जाता पाण्याचे तंटे मिटविण्याचे हे साधन होते.

घरांच्या बांधणीतही हाच विचार दिसतो. कच्च्या विटांच्या जाड भिंती, पॉप्लरच्या तुळया, त्यांवर वाळुंजाच्या काटक्या आणि मातीचे सपाट छप्पर, अशी घरे अल्प पावसाच्या प्रदेशात उत्तम टिकतात. घरातील कोरड्या शौचालयात पाणी वापरले जात नसे. माती व राख टाकून तयार झालेले खत वसंतात शेतात जाई. अशा रीतीने पाण्याची बचत आणि जमिनीचा कस या दोन्ही गोष्टी साधत असत.

वर्तमान स्थिती आणि तिचे ताण

लेहला उन्हाळी पाहुणे नवे नाहीत. तांड्यांचा हंगाम आणि आजच्या पर्यटनाचा हंगाम जवळजवळ एकच आहे. तथापि, तांड्यांची मुख्य गरज धान्य व जनावरांचा चारा ही होती आणि ती शेतातूनच भागवावी लागे. म्हणजेच पाहुणचाराचे प्रमाणही ओढ्याच्या पाण्यावरच ठरत असे. १९७४ मध्ये पर्यटकांची संख्या पाचशेच्या आसपास होती. २०२२ मध्ये लडाखला भेट देणाऱ्यांची संख्या पाच लाखांहून अधिक झाली. हॉटेलांमधील स्नानगृहे व पाण्याची शौचालये यांसाठी लागणारे पाणी ओढा पुरवू शकत नाही. सिंधूकाठच्या विहिरींतून ते टप्प्याटप्प्याने वर चढविले जाते, शिवाय खासगी कूपनलिकांतून भूजल उपसले जाते. त्याच जमिनीत शोषखड्ड्यांतील सांडपाणी मुरत असल्याने भूजलाच्या शुद्धतेचा प्रश्न उभा राहिला आहे.

हवामानानेही इशारा दिला आहे. ५ व ६ ऑगस्ट २०१० च्या मध्यरात्री झालेल्या ढगफुटीत लेह व परिसरातील दोनशेहून अधिक लोक मृत्युमुखी पडले. उघड्या डोंगरउतारांवरून चिखल व दगडगोट्यांचे लोंढे आले आणि चोगलमसर या लगतच्या वस्तीची अपरिमित हानी झाली. ओढ्यांच्या कोरड्या पात्रांत व त्यांच्या मुखाशी वाढलेल्या नव्या वस्त्या या लोंढ्यांच्या वाटेतच होत्या. अल्प पावसासाठी घडविलेली मातीची घरे अशा वेळी टिकत नाहीत, हेही या आपत्तीने दाखविले.

स्थानिक अभियंत्यांनी यावर काही उपाय शोधले आहेत. पेरणीसाठी एप्रिल-मेमध्ये पाणी हवे असते, परंतु उंचावरील हिमनद्या जूनमध्ये भरपूर वितळू लागतात. ही तफावत भरून काढण्यासाठी छेवांग नोर्फेल यांनी हिवाळ्यात वाया जाणारे पाणी सावलीच्या जागी दगडी बांधांनी अडवून गोठविण्याची पद्धत विकसित केली. गावाच्या जवळ, कमी उंचीवर साठलेले हे बर्फ लवकर वितळते. या कार्याबद्दल त्यांना २०१५ मध्ये पद्मश्री मिळाली. सोनम वांगचुक यांनी २०१३ पासून ‘हिमस्तूप’ हा प्रयोग पुढे नेला. त्यात नळातून दाबाने येणारे पाणी कारंज्यासारखे उडवून शंकूच्या आकारात गोठविले जाते. या आकारामुळे साठ्याच्या मानाने कमी पृष्ठभाग उन्हाला सामोरा जातो. हे उपाय शेतीला उपकारक असले तरी नगराच्या वाढत्या मागणीचे उत्तर त्यांत नाही.

जमीन व संसाधने यांवर स्थानिकांचा अधिकार असावा, ही लडाखमधील मागणी या पार्श्वभूमीवर समजून घ्यावी लागते. राज्याचा दर्जा आणि राज्यघटनेच्या सहाव्या अनुसूचीचे संरक्षण मिळावे यासाठी झालेल्या आंदोलनात २४ सप्टेंबर २०२५ रोजी लेहमध्ये हिंसाचार होऊन चार जणांचा मृत्यू झाला. या मागणीला राजकीय बाजू अर्थातच आहे. परंतु मोजक्या पाण्यावरील नगरात किती माणसे व कोणते उद्योग सामावतील हे कोणी ठरवायचे, हा प्रश्नही तिच्या मुळाशी आहे.

निष्कर्ष

लेहच्या इतिहासात सत्ता बदलल्या, व्यापारी मार्ग उघडले व बंद झाले, तरीही नगर टिकून राहिले. त्यामागे ओढ्याची मर्यादा मान्य करून आखलेली सामाजिक शिस्त होती. ती शिस्त सर्वांशी निर्दोष होती असे नाही. तिच्यात व्यक्तीच्या निवडीला वाव कमी होता आणि जुन्या काळाकडे परत जाणे शक्यही नाही व इष्टही नाही. मात्र पंप आणि कूपनलिका यांनी पाण्याची मर्यादा नाहीशी केलेली नाही, फक्त नजरेआड केली आहे. पाटात किती पाणी आहे हे छुर्पोनला व शेतकऱ्याला डोळ्यांनी दिसत असे. जमिनीखाली किती पाणी उरले आहे हे आज कोणालाच दिसत नाही. म्हणून भूजलाचे मोजमाप, सांडपाण्याची व्यवस्था, ओढ्यांच्या पात्रांत बांधकामास प्रतिबंध आणि पर्यटकसंख्येचा पाण्याशी घातलेला मेळ या बाबी लेहच्या भवितव्याच्या दृष्टीने निर्णायक ठरतात. भूगोल, इतिहास आणि समाजशास्त्र या विषयांच्या अध्यापकांना एकाच नगराच्या आधारे एकत्रितपणे शिकविता येईल, असे हे उदाहरण आहे.